‘एआय ब्युटी मोफत’ असलेलं लग्नाचं फोटो पॅकेज: काय घ्यावं, काय काढून टाकायला लावावं

जळगाव, भुसावळ, अमळनेर, चाळीसगाव, धुळे. या पट्ट्यात लग्नाचा फोटोग्राफर ठरवायला गेलं की पॅकेजच्या कागदावर आता एक ओळ हमखास असते: ‘सर्व फोटोंना एआय ब्युटी मोफत’. म्हणजे सॉफ्टवेअर आपोआप सगळे चेहरे गुळगुळीत, उजळ आणि निमुळते करून देणार. आम्ही अल्बम डिझाइन आणि रिटचिंगचं काम करणारे लोक. जळगावातल्या एका स्टुडिओचं असं एक पूर्ण पॅकेज, छापून आलेल्या अल्बमपासून पेनड्राइव्हपर्यंत, पान न पान उलटून तपासलं. स्टुडिओचं नाव देत नाही, कारण दोष एकट्याचा नाही. सॉफ्टवेअर तेच, सेटिंग तीच, त्यामुळे पारोळ्याच्या नवरीचा आणि शहाद्याच्या नवरीचा चेहरा हल्ली एकाच साच्यातून निघाल्यासारखा दिसतो.

निकाल आधीच सांगतो. फोटो काढणारा माणूस चांगला आहे, त्याचे क्षण चुकलेले नाहीत. कागद आणि बांधणी उत्तम. व्हिडिओ बरा. एआय ब्युटी ज्या रूपात देतात त्या रूपात घेऊ नका. आणि क्यूआर कोडची उघडी गॅलरी तर मुळीच घेऊ नका. ती का नको, हे या परीक्षणातलं सगळ्यांत महत्त्वाचं आहे.

पॅकेजमध्ये हळद आणि लग्न असे दोन दिवस, दोन फोटोग्राफर, एक व्हिडिओवाला, १२ बाय ३६ इंचाचा ४० शीटचा करिझ्मा अल्बम, मोठा व्हिडिओ आणि त्यातून काढलेली छोटी रील, सगळ्या फोटोंचा पेनड्राइव्ह आणि पाहुण्यांसाठी गॅलरी एवढं येतं. ब्युटी वेगळी मागावी लागत नाही. ती आपोआप सगळ्या फोटोंवर चढते, आणि नको असेल तर तसं सांगावं लागतं. खोड इथूनच सुरू होते.

चार पानं जवळून

हळदीचं पान घ्या. हळदीचा पिवळा रंग सॉफ्टवेअरला कातडीवरचा दोष वाटतो. ‘स्किन टोन एकसारखा करा’ ही सॉफ्टवेअरमधली ० ते १०० सरकवायची पट्टी ५० वर असेल तर गालावरची हळद धुतल्यासारखी जाते, आणि कान, मान, हात मात्र पिवळेच राहतात. या अल्बममध्ये एका फोटोत करवलीची बोटं हळदीने माखलेली आहेत आणि ती बोटं ज्या गालाला टेकली आहेत तो गाल स्वच्छ गुलाबी. हळद लागतानाचाच तो क्षण आहे, आणि हळद नेमकी तिथूनच गायब आहे.

दुसरं पान आजीचं. खान्देशातल्या जुन्या बायकांच्या कपाळावर, हनुवटीवर, मनगटावर गोंदण असतं. ‘डाग, पुटकुळ्या काढा’ हे बटण चालू असलं की सॉफ्टवेअरला गोंदणाचा हिरवट ठिपका आणि मुरुमाचा डाग यांत फरक कळत नाही. इथे हनुवटीवरच्या तीन ठिपक्यांपैकी दोन गेले, तिसरा सुरकुतीच्या घडीत होता म्हणून वाचला. सुरकुत्याही अर्ध्या पुसल्या गेल्यामुळे आजी सत्तरीची न वाटता आजारातून उठलेल्या बाईसारखी दिसते. सुई सोसून ज्या बाईने ते ठिपके गोंदवून घेतले, तिच्या तोंडावरून ते न विचारता पुसणं चुकीचं आहे. पुढे तिचा वेगळा फोटो काढायचा योग येईलच असं नाही. घरच्या भिंतीवर बहुतेक हाच फोटो लागणार.

तिसरं पान नवरीचा जवळून घेतलेला चेहरा. यात दोन पट्ट्या वापरल्या आहेत, ‘नाक बारीक’ आणि ‘चेहरा निमुळता’. नाक आत ढकललं की त्याला लागून असलेली नथही आत ढकलली जाते. गोल मोती लंबुळके होतात, आणि नथीच्या सोन्याचा पिवळा रंग वरच्या ओठावर ओघळतो. कपाळावरून कानाशी उतरणाऱ्या मुंडावळ्यांची सरळ सर गालापाशी लाटेसारखी वळते. या फोटोत डाव्या बाजूची सर मध्येच तुटून दोन बोटं पुढे पुन्हा सुरू होते. मागे मांडवाचा खांब असेल तर तोही जबड्यापाशी वाकतो. असा वाकलेला खांब किंवा दाराची चौकट दिसली की समजायचं, चेहरा ओढलेला आहे. हे तपासायला फोटोशॉप लागत नाही, कडेची सरळ रेघ बघितली की पुरे.

चौथं पान गटफोटो. चेहरा ठरावीक आकाराहून लहान असला की सॉफ्टवेअर त्याला हात लावत नाही. पुढच्या रांगेतले नवरा-नवरी मेणासारखे गुळगुळीत आणि मागच्या रांगेतले मामा-मावशा घामासकट खरे. दोन वेगळे फोटो चिकटवल्यासारखं दिसतं ते त्यामुळे.

रंगाचं काय होतं

ब्युटीच्या नावाखाली खरं तर गोरेपणा विकला जातो. पट्टीला नाव काहीही असो, ग्लो, ब्राइट स्किन, क्लिअर टोन, परिणाम एकच: सावळी नवरी निमगोरी, निमगोरी नवरी पांढरीफटक. हा फक्त सॉफ्टवेअरचा गुण नाही. फोटोचं तंत्र मुळापासून गोऱ्या कातडीला धरून वाढलं. कोडॅकच्या जमान्यात प्रिंटचा रंग जुळवायला लॅबमध्ये ‘शर्ली कार्ड’ असायचं, आणि त्यावर अनेक वर्षं गोऱ्या बाईचाच फोटो होता. चेहरा ओळखणाऱ्या यंत्रांचंही तसंच. २०१८ मध्ये जॉय बुओलामविनी आणि टिमनिट गेब्रू यांनी बाजारातली तीन सॉफ्टवेअर तपासली. चेहरा बाईचा की पुरुषाचा हे ओळखण्यात गोऱ्या पुरुषांच्या बाबतीत चूक जास्तीत जास्त ०.८ टक्के होती, सावळ्या-काळ्या बायकांच्या बाबतीत ती ३४.७ टक्क्यांपर्यंत गेली. यंत्राला जे चेहरे दाखवून शिकवलं, ते त्याला नेहमीचे वाटतात; बाकीचे ते त्यांच्याकडे ओढायला बघतं. नंदुरबारच्या डोंगरपट्ट्यातल्या लग्नाचे फोटो याच सेटिंगमधून काढले तर कातडीचा तांबूस सावळा तजेला जाऊन राखेसारखा करडा रंग येतो, आणि चांदीचे दागिने पांढऱ्या कातडीत विरून जातात.

या अल्बममधले चेहरे काळवंडलेले का आले होते याचं कारण मात्र वेगळंच आहे, आणि ते फोटो काढतानाच दुरुस्त झालं असतं. हळद उघड्यावर, हिरव्या शेडनेटखाली झाली. शेडनेटमधून गाळून आलेलं ऊन चेहऱ्यावर हिरवट झाक टाकतं. लाल-पिवळ्या कापडाचा मांडव असेल तर झाक नारिंगी येते. कॅमेरा ऑटो व्हाइट बॅलन्सवर असला, म्हणजे पांढरं कशाला धरायचं ते दर वेळी कॅमेराच ठरवत असला, की दर फोटोला झाक बदलते. उपाय साधा आहे. मांडवात उभं राहिल्याबरोबर १८ टक्क्यांचं ग्रे कार्ड (ठरावीक करड्या रंगाचा पुठ्ठा) नवरीच्या चेहऱ्याजवळ धरून एक फोटो घ्यायचा, त्यावरून व्हाइट बॅलन्स बांधायचा, आणि फोटो रॉ मध्ये, म्हणजे कॅमेऱ्याने रंग न बदललेल्या कच्च्या फाइलमध्ये, काढायचे. ऊन सरकलं की कार्ड पुन्हा धरायचं.

दुसरी चूक प्रकाश मोजण्याची. नवरीची साडी पांढरी किंवा फिकी पिवळी, त्यावर जर, शेजारी नवरदेवाचा पांढरा कुर्ता. कॅमेरा पूर्ण चौकटीचा प्रकाश मोजून सरासरी करड्यावर आणतो, म्हणजे पांढरं जास्त असलं की चेहरा काळोखात जातो. मोजणी स्पॉटवर, म्हणजे चौकटीतल्या एका छोट्या ठिकाणापुरती, ठेवून चेहऱ्यावर करायची, आणि खालून पांढरा थर्माकोल किंवा रिफ्लेक्टर धरायचा. भर मे महिन्यात, पारा पंचेचाळिशीला टेकलेला असताना, सकाळी ११ ते दुपारी ४ मध्ये उघड्यावर चेहऱ्याचे जवळून फोटो घेऊच नयेत. डोळ्यांखाली सावलीच्या खोबण्या पडतात, आणि त्याच खोबण्या काढायला मग ‘काळी वर्तुळं घालवा’ची पट्टी ८० वर न्यावी लागते.

कार्यालयातला गुलाबी-निळा एलईडी हा तिसरा त्रास. त्या दिव्यात बाकीचे रंगच नसतात, त्यामुळे नंतर कितीही ओढलं तरी कातडीचा खरा रंग परत येत नाही. लाइटवाल्याला आधीच सांगून ठेवा: मंगलाष्टकं, सप्तपदी आणि कन्यादान एवढा वेळ स्टेजवर साधा वॉर्म व्हाइट ठेव, रंगीत दिवे रिसेप्शनला लाव. याला एक पैसा लागत नाही, आणि कुठल्याही एआयपेक्षा याचा फायदा जास्त होतो.

मेकअपचाही यात वाटा आहे. पार्लरमध्ये ‘फोटोत उठून दिसेल’ म्हणून कातडीपेक्षा दोन शेड उजळ फाउंडेशन लावतात. चेहरा वेगळा, मान वेगळी, हात तिसरेच. मग सॉफ्टवेअर हात उजळायला जातं आणि मेंदीचा रंग उडवतं. ज्या फाउंडेशन-पावडरमध्ये टायटॅनियम डायऑक्साइड, झिंक ऑक्साइड किंवा सिलिका भरपूर असतं, त्यावर फ्लॅश पडला की चेहरा पीठ लावल्यासारखा पांढरा येतो. ट्रायलच्या दिवशीच अंधाऱ्या खोलीत मोबाइलच्या फ्लॅशने एक फोटो काढून बघा. पांढरं आलं तर पावडर बदलायला सांगा. शेड हाताच्या मागच्या बाजूवर न पाहता जबड्याच्या कडेला लावून, खिडकीच्या उजेडात बघा.

रिटचिंग किती असावं

रिटचिंग नकोच असं आमचं म्हणणं नाही. लग्नाच्या आदल्या दिवशी उठलेली पुटकुळी, रात्रभर जागल्याने सुजलेला डोळा, घामाची चकाकी हे काढावं. आमचा नियम सोपा आहे: पंधरा दिवसांत जे आपोआप जाईल ते काढा, जे कायमचं आहे ते ठेवा. तीळ, गोंदण, व्रण, जन्मखूण, सुरकुती, कातडीचा रंग हे कायमचं.

एआय सॉफ्टवेअर वापरायचंच असेल तर आकडे बांधून द्या. पट्ट्यांची नावं सॉफ्टवेअरगणिक बदलतात, पण ० ते १०० च्या मापात नवरीला गुळगुळीतपणा २० ते २५ च्या वर नको, नवरदेवाला १०, साठीच्या पुढच्या सगळ्यांना ०. चेहरा, नाक, डोळे, कंबर यांचा आकार बदलणाऱ्या सगळ्या पट्ट्या ०. टोन उजळणं ०. दात १० पर्यंत. तीळ आणि डाग काढणं आपोआप न ठेवता एकेक फोटो बघून हाताने. या स्टुडिओने गुळगुळीतपणा ६० च्या आसपास ठेवला असावा, कारण नाकाच्या शेंड्यावरची छिद्रंसुद्धा शिल्लक नाहीत. एका फोटोवर बसवलेली सेटिंग हजार-दोन हजार फोटोंवर एका क्लिकमध्ये चढवली की असंच होणार. खिडकीच्या मऊ उजेडातला चेहरा आणि फ्लॅशमधला चेहरा यांना एकच माप लागत नाही.

अल्बममधल्या दहा-बारा मोठ्या चेहऱ्यांसाठी हाताचं काम मागा. फोटोशॉपमध्ये त्याची पद्धत अशी: फोटोच्या दोन प्रती करायच्या. खालच्या प्रतीला गॉशियन ब्लर द्यायचा, २४ मेगापिक्सेलच्या जवळच्या चेहऱ्याला ६ ते १० पिक्सेल. वरच्या प्रतीवर अप्लाय इमेजने खालची वजा करायची, ८ बिटला सबट्रॅक्ट, स्केल २, ऑफसेट १२८, आणि तिचा ब्लेंड मोड लिनिअर लाइट ठेवायचा. आता खालच्या थरात रंग-सावली आहे आणि वरच्या थरात कातडीची वीण. पुटकुळी वरच्या थरात हीलिंग ब्रशने, लालसर डाग खालच्या थरात लॅसोने निवडून थोडा ब्लर देऊन. चूक होते ती खालच्या थरात. निवड नथीवर, टिकलीवर किंवा केसांच्या कडेवर गेली की तो रंग कातडीत पसरतो. म्हणून कडेपासून थोडं अंतर सोडून निवडायचं. एका चेहऱ्याला १५-२० मिनिटं लागतात. स्टुडिओवाले एआयकडे का वळतात ते यात कळतं, आणि तो त्यांचा गुन्हाही नाही. दोन महिन्यांत मुहूर्त दाटीने येतात आणि हात तेवढेच असतात. पण दहा चेहऱ्यांचे वेगळे पैसे लावून काम हाताने करून द्यायला कोणी नाही म्हणत नाही. विचारावं लागतं.

तपासणी मोबाइलवर करू नका. व्हॉट्सॲपवर फोटो दाबून येतो, त्यात मेणासारखी कातडीही छान दिसते. १२ बाय ३६ चं पान ३०० डीपीआयला (इंचाला ३०० ठिपके) ३६०० बाय १०८०० पिक्सेलचं असतं. चेहरा तिथे तळहाताएवढा छापला जातो आणि गेलेली वीण लगेच डोळ्यात भरते. स्टुडिओच्या कॉम्प्युटरवर फोटो १०० टक्क्यांवर उघडायला सांगा, नाक, नथ, कानाची पाळी आणि केसांची कड बघा. आणि आजीला दाखवा. ‘हाई आमनी पोर शे का?’ असं तिने विचारलं तर फोटो परत पाठवा.

व्हिडिओत हीच ब्युटी फ्रेमगणिक चालते आणि चेहऱ्यासमोर काही आलं की घसरते. अंतरपाट खाली येताना अर्धा चेहरा गुळगुळीत, अर्धा खरा. अक्षता पडताना तांदळाचे दाणे गालावर विरघळल्यासारखे होतात. व्हिडिओतली ब्युटी पूर्ण बंद ठेवायला सांगा, यात तडजोड नको.

बायोडाटाचा फोटो

हाच स्टुडिओ बायोडाटाचे फोटोही काढून देतो आणि तिथे ब्युटीचा त्रास जास्त खोल आहे. आपल्याकडच्या बायोडाट्यात अजून ‘वर्ण’ नावाचा रकाना असतो: गोरा, निमगोरा, गहूवर्णी, सावळा. रकान्यात लिहितात निमगोरा आणि फोटोत दाखवतात त्याहून दोन पायऱ्या वर. पोरगी बैठकीत पोहे घेऊन येते तेव्हा चार डोळे आधी फोटो आणि मग चेहरा ताडून बघतात. ते ताडणं त्या पोरीला दिसतं. तिने काहीही खोटं सांगितलेलं नसतं, तरी खोटं पडल्यासारखं तिलाच वाटतं. पोरांचंही आता वेगळं राहिलेलं नाही. जबडा रुंद आणि दाढी दाट करून मिळते.

बऱ्याचदा नाकाची तक्रार मुळात कॅमेऱ्याची असते. फूटभर अंतरावरून काढलेल्या सेल्फीत नाक पाच फुटांवरून काढलेल्या फोटोच्या मानाने सुमारे ३० टक्के रुंद दिसतं, हे २०१८ मध्ये अमेरिकेतल्या प्लास्टिक सर्जनांनी गणिताने मांडलं. म्हणजे कॅमेरा जवळ नेऊन आधी नाक मोठं करायचं, आणि मग ते बारीक करायची पट्टी विकायची. बायोडाट्याचा फोटो कॅमेरा पाच-सहा फूट लांब ठेवून, थोडा झूम करून, उत्तरेकडच्या खिडकीच्या उजेडात काढा. फोनचा फ्रंट कॅमेरा टाळा. वापरायचाच असेल तर सेटिंगमध्ये ब्युटी शून्यावर आणा. पुष्कळ फोनमध्ये ती विकत घेतल्यापासूनच चालू असते.

गॅलरी, आणि तेच तंत्र दुसरीकडे काय करतं

आता क्यूआर गॅलरी. जेवणाच्या टेबलावर कोड छापलेलं कार्ड ठेवतात. पाहुण्याने स्कॅन करायचं, स्वतःचा सेल्फी टाकायचा, त्याचे सगळे फोटो समोर येतात. सोय चांगली आहे. पण या पॅकेजमध्ये ‘सर्व फोटो’ असंही बटण होतं, पिन नव्हता, आणि डाउनलोड मूळ आकारात होत होतं. म्हणजे कार्यालयात जेवायला आलेला कोणीही नवरीचे, तिच्या बहिणींचे, शाळेत जाणाऱ्या पोरींचे छापण्याच्या दर्जाचे, चेहऱ्यावर नेमका प्रकाश पडलेले फोटो घेऊन जाऊ शकतो.

चेहरा गुळगुळीत करणारं तंत्र आणि एखादीचा चेहरा अश्लील व्हिडिओवर बसवणारं तंत्र यांची मुळं एकच आहेत. ‘डीपफेक’ हा शब्दच २०१७ च्या शेवटी अशा अश्लील व्हिडिओंवरून पडला. २०१९ मध्ये डीपट्रेस या संस्थेने इंटरनेटवर १४,६७८ डीपफेक व्हिडिओ मोजले. त्यातले ९६ टक्के संमतीविना केलेले अश्लील व्हिडिओ होते. तेव्हा यासाठी एका चेहऱ्याचे शेकडो फोटो लागायचे आणि यंत्राला ते दाखवून बरंच शिकवावं लागायचं. आता कपडे उतरवल्याचा खोटा फोटो बनवणाऱ्या ॲपला एक स्पष्ट फोटो पुरतो. नोव्हेंबर २०२३ मध्ये रश्मिका मंदानाचा चेहरा दुसऱ्या तरुणीच्या व्हिडिओवर बसवलेला प्रकार देशभर गाजला. नटीच्या मागे निदान बातम्या उभ्या राहिल्या. चोपड्याच्या किंवा नवापूरच्या पोरीमागे कोण उभं राहणार, हा विचार गॅलरी उघडी टाकताना व्हायला हवा.

प्रौढांसाठीच्या करमणुकीचा धंदाही याच बाजूने बदलतो आहे. आधी तिथे निदान खरी माणसं होती, त्यांची कातडी, त्यांचे व्रण होते. आता यंत्राने बनवलेली शरीरं येत आहेत, ज्यांना ना छिद्रं, ना पोटावर बाळंतपणाच्या रेघा, ना सिझेरियनचा व्रण. त्यांच्या गालावरची कातडी आणि या अल्बममधल्या नवरीच्या गालावरची कातडी एकाच सरासरीतून आलेली दिसते. रात्री मोबाइलवर ते बघणारा डोळा सकाळी बायोडाट्याचा फोटो बघतो, आणि त्याचं माप बदललेलं असतं. संसार मात्र खऱ्या शरीराशी करायचा असतो, हे घरात कोणी बोलत नाही. २०१८ पासून कॉस्मेटिक डॉक्टरांच्या लिखाणात ‘स्नॅपचॅट डिसमॉर्फिया’ हे नाव येऊ लागलं: लोक स्वतःचाच फिल्टर लावलेला फोटो घेऊन येतात आणि असं करून द्या म्हणतात. स्टुडिओने न विचारता चढवलेली ब्युटी हीच मागणी अल्बमच्या रूपाने घराघरात पोचवते. नॉर्वेमध्ये २०२२ पासून जाहिरातीतलं शरीर किंवा कातडी बदलली असेल तर फोटोवर तशी खूण लावावी लागते. आपल्या अल्बमना असा नियम नाही, पण मागणारा गिऱ्हाईक आहे की.

गॅलरी हवीच असेल तर अटी घाला. पिन असावा आणि तो घरच्या माणसाने द्यावा. सेल्फी टाकणाऱ्याला फक्त स्वतःचा चेहरा असलेले फोटो दिसावेत, ‘सर्व फोटो’ बंद. डाउनलोड लांबीला १००० पिक्सेलपर्यंतच. याने गैरवापर पूर्ण थांबत नाही, पण जवळचे मोठे चेहरे तरी बाहेर जात नाहीत. अठरा वर्षांखालच्या मुलींचे एकटीचे फोटो गॅलरीत नकोत. ३० दिवसांनी गॅलरी बंद. स्टुडिओच्या इन्स्टाग्रामवर नवरीची रील लेखी परवानगीशिवाय नको. तोंडी ‘टाकू का ताई?’ला लग्नाच्या गडबडीत कोणीही हो म्हणतं. ब्युटी सॉफ्टवेअर फोटो बाहेरच्या सर्व्हरवर चढवतं की स्टुडिओच्या कॉम्प्युटरवरच चालतं, हेही विचारा.

आणि कोणाचा खोटा अश्लील फोटो फिरायला लागलाच, तर घाबरून काही डिलीट करू नका. जिथे दिसला तिथली लिंक, खात्याचं नाव, तारीख-वेळ दिसेल असे स्क्रीनशॉट घ्या. पुरावा म्हणूनही तो फोटो कोणाला फॉरवर्ड करू नका. राष्ट्रीय सायबर क्राइम पोर्टलवर महिला आणि बालकांसाठी वेगळा विभाग आहे, तिथे नाव न देताही तक्रार करता येते. फोनसाठी १९३० आहे. त्याच वेळी त्या ॲपच्या तक्रार विभागातही कळवा. २०२१ च्या आयटी नियमांनी असे फोटो, बनावट केलेलेसुद्धा, तक्रार आल्यापासून २४ तासांत काढण्याचं बंधन कंपन्यांवर घातलं; २०२६ मध्ये ही मुदत २ तासांवर आणली. आयटी कायद्याच्या कलम ६७ अ खाली लैंगिक कृत्याचा मजकूर पसरवणाऱ्याला पहिल्याच गुन्ह्याला ५ वर्षांपर्यंत कैद आणि १० लाखांपर्यंत दंड आहे. अठरा वर्षांवरच्यांसाठी ‘स्टॉप एनसीआयआय’ आणि त्याखालच्यांसाठी ‘टेक इट डाउन’ या सेवा आहेत. तिथे फोटो पाठवावा लागत नाही. आपल्याच फोनवर त्याचा आकडी ठसा बनतो आणि त्यावरून सहभागी कंपन्या तो फोटो रोखतात. पोरीला दोष देणं आणि तिचा फोन काढून घेणं ही घरातली पहिली प्रतिक्रिया असते. तिचा फोन हाच पुरावा आहे, तो तिच्याकडे राहू द्या आणि तिच्याबरोबर ठाण्यात जा.

पावतीवर काय लिहून घ्यावं

बाकी कामाला आम्ही चांगले गुण देतो. अल्बमचा मॅट कागद बोटांचे ठसे धरत नाही, पानं सपाट उघडतात, शिवण चेहऱ्यावर येणार नाही अशी मांडणी केली आहे. बिदाईचे सहा फोटो तर ब्युटी चढूनही खरे वाटतात, कारण तिथे सगळ्यांनी तोंडं पदरात लपवली आहेत आणि सॉफ्टवेअरला चेहरे सापडलेच नाहीत.

आगाऊ रक्कम देताना पावतीच्या मागे हे लिहून घ्या: रंग उजळायचा नाही, आकार बदलायचा नाही, गोंदण-तीळ ठेवायचे, निवडलेल्या दहा चेहऱ्यांचं रिटचिंग हाताने, व्हिडिओला ब्युटी नाही, पेनड्राइव्हमध्ये ब्युटी न चढवलेल्या मूळ फाइल्सचा वेगळा फोल्डर, गॅलरीच्या अटी, आणि अल्बम दिल्यावर किती दिवसांनी स्टुडिओ स्वतःकडची प्रत पुसणार तो आकडा. मूळ फाइल्स हाताशी असतील तर पुढेमागे आजीचं पान पुन्हा करता येतं. ब्युटी चढवलेल्या जेपीजीतून गोंदण परत आणता येत नाही.

शेवटची किस्त सगळी पानं पाहून, लॅबला जाण्याआधी द्या. करिझ्माची शीटं एकमेकांना पाठीला पाठ लावून चिकटवलेली असतात. एकदा पेस्टिंग झालं की मधलं एक पान सुटं निघत नाही; निघालं तरी शेजारचं फाटतं. प्रूफ १०० टक्क्यांवर बघायला अर्धी दुपार लागते. ती काढा, आणि बरोबर आजीलाही न्या.